वाफेचा मंत्र

वाशी-भूम भागात खव्याची भट्टी पेटली की लांबून आधी दिसते ती वाफ. म्हशीच्या पाच लिटर दुधाचा कसाबसा किलोभर खवा पडतो. बाकीचं पाणी आभाळात. कुंथलगिरीचा पेढा खाणाराला ही वाफ कुठली ठाऊक!

आमच्या गल्लीतल्या नानीला वाफेचा मंत्र येतो, असं सगळे म्हणायचे. दूध उसळून कढईच्या काठाला आलं की ती ओठांत पुटपुटत उलथण्यानं तळ खरवडायची. साय फाटायची, कोंडलेली वाफ भुस्सकन सुटायची अन् दूध खाली बसायचं. जाळ कधी ओढायचा ते तिला नुसत्या आवाजावरून कळायचं. फदफद जड झाली की लाकडं बाहेर.

कौतुक होतं तोवर मंत्र. एका उन्हाळ्यात दोन घरचं दूध लागोपाठ नासलं, तशी त्याचीच करणी झाली. उन्हाळ्यात दूध नासतं हे शेंबड्या पोरालाही कळतं, पण बोलायचं कुणी? दीड महिना भट्टी थंड. नानी दुसऱ्याच्या रानात खुरपाया जायची.

तेव्हा मी विचारलंच, "नानी, तू म्हणतीस तरी काय गं?"

"काय म्हणणार लेकरा, फेरे मोजती. शंभर झाले की हात बदलायचा. न्हाईतर खांदा धरतो."

पुढं पेढेवाल्यानं दुसरीकडच्या करपट खव्याला नावं ठेवली, तशा एकेक किटल्या पुन्हा तिच्या दारात आल्या. नानी कुणाला काही बोलली नाही. फक्त वास घेतल्याबिगर एकही किटली आत घेतली नाही.