स्वतःच्या भांडवलावरचा चित्रपट

जालंधर येथे 1961 साली जन्मलेल्या तारसेम सिंग यांच्यासाठी वडिलांनी जो मार्ग योजला होता, तो कोणत्याही व्यापारी घरातील वडिलांना सहज पटला असता. मुलाने परदेशी जावे, व्यवसायशास्त्र शिकावे आणि स्वतःच्या पायांवर उभे राहावे. वडील विमान-अभियंते होते. नोकरीनिमित्त ते इराणमध्ये असल्याने मुलाचे बालपण काही काळ तिथे गेले, आणि शाळा झाली सिमल्यात. पुढे भारतातच एक पुस्तक या तरुणाच्या हाती पडले. अमेरिकेत चित्रपटकला शिकवणाऱ्या संस्थांची त्यात माहिती होती. वडिलांना आवडते आणि आपल्याला मुळीच आवडत नाही असे काहीतरी शिकायलाच महाविद्यालयात जायचे असते, असा आपला तोवरचा समज होता, असे तारसेम यांनी मुलाखतींत हसत हसत सांगितले आहे. घरातून अर्थातच विरोध झाला. तरीही ते कॅलिफोर्नियातील पॅसाडिना येथील आर्ट सेंटर कॉलेज ऑफ डिझाइनमध्ये दाखल झाले. पुढे ज्या मुलाला व्यापार नको होता, त्याने आयुष्यात एकदा अशी जोखीम पत्करली, की मुरलेल्या पेढीवाल्यालाही ती मनात धडकी भरवील.

त्या जोखमीकडे वळण्यापूर्वी नाव कशामुळे झाले ते सांगणे प्राप्त आहे. 1991 साली आर.ई.एम. या अमेरिकन वाद्यवृंदाच्या 'लूझिंग माय रिलिजन' या गीताची चित्रफीत तारसेम यांनी केली. शीर्षकामुळे अनेकांचा गैरसमज होतो. अमेरिकेच्या दक्षिण भागात हा वाक्प्रचार संयम सुटणे, धीर संपणे या अर्थाने वापरतात. धर्माशी त्याचा तसा संबंध नाही. तारसेम यांनी मात्र त्यातील शब्दाला मुद्दाम चित्ररूप दिले. कारावाज्जो या इटालियन चित्रकाराची काळोखातून उजळणारी शरीरे, गाब्रिएल गार्सिया मार्केस यांच्या कथेतला थकलेला पंखधारी वृद्ध, आणि आपल्याकडच्या दिनदर्शिकांवर असतात तशा भडक रंगांतल्या देवमूर्ती, हे सारे त्यांनी चार-पाच मिनिटांत एकत्र आणले. त्या वर्षी एमटीव्हीच्या पुरस्कारांत वर्षातील सर्वोत्तम चित्रफितीचा मान तिला मिळाला, पुढे ग्रॅमीही मिळाले. जालंधरच्या दुकानातील भिंत आणि युरोपातील चित्रदालन यांत त्यांनी उच्चनीच भाव ठेवला नाही. त्या चित्रफितीचे खरे बळ कदाचित यातच असावे.

यानंतर काम वाहत आले, पण गीतांपेक्षा जाहिरातींचे. लिव्हाइस, नायकी, पेप्सी अशा कंपन्यांसाठी त्यांनी केलेल्या जाहिराती जगभर पाहिल्या गेल्या. नायकीच्या जाहिरातीत रोमन रंगमंडलात फुटबॉलपटू आणि सैतानी सेना यांचा सामना होता. पेप्सीच्या जाहिरातीत पॉप गायिका ग्लॅडिएटर झाल्या होत्या. जाहिरातीचा दिग्दर्शक हा एका अर्थाने अडतिया असतो. माल दुसऱ्याचा, पैसा दुसऱ्याचा, आपली ती नजर आणि दलाली. या धंद्यात दलाली मात्र चांगली मिळते, आणि जगाच्या पाठीवर कुठेही जाऊन चित्रीकरण करता येते. 2000 साली आलेल्या 'द सेल' या पहिल्या चित्रपटाने बाजारात उत्तम यश मिळवले. तो एका खुन्याच्या मनात शिरणारा भयपट आहे. घरी सर्वांसमवेत पाहण्यासारखा नाही.

तारसेम यांच्या मनात मात्र दुसरीच एक गोष्ट होती. 'यो हो हो' या 1981 सालच्या बल्गेरियन चित्रपटावरून ती सुचली होती. लॉस एंजेलिसजवळच्या एका रुग्णालयात, मूकपटांच्या काळात, एक जायबंदी स्टंटमन अंथरुणावर पडून आहे. प्रेमभंगाने त्याला जगणे नको झाले आहे. संत्र्यांच्या बागेत फळे तोडताना हात मोडलेली एक लहान स्थलांतरित मुलगी त्याच्या खाटेशी येते. तो तिला एक अद्भुत कथा सांगू लागतो आणि ऐन रंगात आली की थांबवतो. पुढचे ऐकायचे असेल तर औषधांच्या खोलीतून मॉर्फिन आणून दे, असा त्याचा डाव असतो. त्या गोळ्या कशासाठी हव्यात, हे मुलीला ठाऊक नसते. कथा सांगतो तो, पण पडद्यावर दिसते ते तिच्या डोळ्यांपुढचे. तो 'इंडियन' म्हणतो तेव्हा त्याच्या मनात अमेरिकेतील मूळ रहिवासी असतो. तिच्या मनात मात्र बागेत तिच्याबरोबर राबणारा भारतीय उभा राहतो, पगडी-तलवारीसह. दोघे एकच गोष्ट वेगवेगळी पाहत राहतात.

या कथेला पैसे द्यायला कोणी निर्माता पुढे आला नाही, आणि ते साहजिकच होते. पटकथा पूर्ण लिहिलेली नाही, मुलगी जे बोलेल त्यावरून गोष्ट पुढे सरकणार, अशा व्यवहाराला कोण भांडवल देईल? मग तारसेम यांनी जाहिरातींत मिळवलेले स्वतःचे धन त्यात घातले. मुलीचा शोध कित्येक वर्षे चालला. अखेर रुमानियात कातिंका उंतारू ही सुमारे सहा वर्षांची मुलगी सापडली, आणि लगेच काम सुरू करणे भाग पडले. इमारती थांबतात, डोंगर थांबतात. मूल थांबत नाही, त्याचे दुधाचे दात पडतात. म्हणून रुग्णालयाचा भाग दक्षिण आफ्रिकेत, केपटाउनच्या एका मनोरुग्णालयाच्या इमारतीत आधी चित्रित झाला. मुलीला इंग्रजी जेमतेम येत होते. तिचे अडखळणे, चुकीचे ऐकणे तसेच राहू दिले. चित्रपटात चिठ्ठीवर लिहिलेल्या मॉर्फिनमधील शेवटचे इंग्रजी अक्षर तिला तीनचा आकडा वाटते आणि ती तीनच गोळ्या आणते. एका बालसुलभ चुकीवर एका माणसाचा जीव तोलला जातो.

एक गोष्ट मात्र सर्वांना रुचेल असे नाही. नायकाचे काम करणारा ली पेस हा नट खरोखरच चालू शकत नाही, असे त्या मुलीला आणि बहुतेक सहकाऱ्यांनाही भासवण्यात आले. तो आठवडेच्या आठवडे चाकाच्या खुर्चीतून वावरला. खरे कळल्यावर काही जण दुखावले गेले. पडद्यावर मुलीच्या डोळ्यांत जी निखळ माया दिसते ती अशी मिळालेली आहे. कलेसाठी हे क्षम्य ठरते का, याचे उत्तर ज्याने त्याने द्यावे. लहान मुलाशी खोटे बोलून मिळवलेले मोती थोडे डागाळलेले राहतात, एवढे तरी म्हणावे लागेल.

अद्भुत कथेचा भाग मग चार वर्षे, वीसहून अधिक देशांत चित्रित होत राहिला. जिथे जाहिरातीचे काम असेल तिथे ते संपले की आपले नट बोलावून घ्यायचे आणि चार दृश्ये उरकायची, अशी ही पद्धत. प्रवासाचा मोठा खर्च त्यामुळे वाचे. संगणकावर रचलेली नगरे त्यात नाहीत. राजस्थानची यात्रा केलेल्या वाचकांना तर जागा लगेच ओळखू येतील. आभानेरीच्या चांद बावडीच्या उतरत्या पायऱ्या आहेत, जयपूरचे जंतरमंतर आहे, उदयपूरचा महाल आहे, जोधपूरची निळी घरे आहेत. जोधपूरच्या रहिवाशांना निळा रंग पुरवला, तेव्हा त्यांनी आपापली घरे पुन्हा रंगवून दिली, असे तारसेम सांगतात. समुद्रात पोहणारा हत्तीही खराच आहे. तो अंदमानातला राजन, एके काळी लाकूड ओढण्याच्या कामावर असलेला. वेशभूषा एइको इशिओका या जपानी विदुषींची. 2012 साली त्यांचे निधन होईपर्यंत तारसेम यांच्या चारही चित्रपटांचे कपडे त्यांनीच योजले.

'द फॉल' 2006 साली टोरोंटोच्या महोत्सवात दाखवला गेला. वितरक मिळेना. डेव्हिड फिंचर आणि स्पाइक जोन्झ या, चित्रफितींतूनच वर आलेल्या, दोन दिग्दर्शकांनी आपली नावे सादरकर्ते म्हणून दिली, तेव्हा 2008 मध्ये तो अमेरिकेत झळकला. रॉजर एबर्ट या नामवंत समीक्षकाने त्याला पूर्ण चार तारे दिले. गल्ला मात्र जगभरात मिळून चार दशलक्ष डॉलरांपर्यंतही पोहोचला नाही. खतावणीच्या भाषेत मुद्दलही बुडाले. पुढे कित्येक वर्षे तो अधिकृतपणे कुठे पाहायलाही मिळेना. ज्यांनी पाहिला होता ते इतरांना सांगत राहिले, एवढेच. 2024 साली त्याची नवी, सुधारलेली प्रत लोकार्नो महोत्सवात दाखवली गेली आणि मुबी या मंचावरून ती घराघरांत पोहोचली. तो प्रथम प्रदर्शित झाला तेव्हा जन्मलेही नव्हते, असे प्रेक्षक आता त्याविषयी बोलतात.

मधल्या काळातील 'इमॉर्टल्स' आणि 'मिरर मिरर' हे स्टुडिओचे चित्रपट होते. पहिल्याने दोनशे दशलक्ष डॉलरांहून अधिक कमावले. पोशाख सुंदर, चौकटी सुंदर. आज त्यांची आठवण फारसे कोणी काढत नाही. 2020 मध्ये लेडी गागा यांच्या '911' या गीतासाठी ते दीर्घ काळाने चित्रफितीकडे वळले.

आणि मग 2023 साली 'डिअर जस्सी' आला. तो पंजाबी भाषेत आहे आणि 2000 साली घडलेल्या सत्य घटनेवर आधारलेला आहे. कॅनडात वाढलेली एक पंजाबी मुलगी गावाकडच्या रिक्षाचालकावर प्रेम करते, घरच्यांना न सांगता त्याच्याशी लग्न करते, आणि कुळाच्या प्रतिष्ठेपायी तिचा जीव घेतला जातो. वाळवंटे, महाल, पोहणारे हत्ती दाखवणाऱ्या या दिग्दर्शकाने येथे कॅमेरा जवळजवळ स्थिर ठेवला आहे. दृश्ये लांबलचक आहेत, अंगणे धुळीची आहेत, आणि सजावट कुठेच नाही. पूर्वार्धात दोघे पत्रे लिहितात, गच्चीवरून एकमेकांना पाहतात, कागदपत्रांसाठी कचेऱ्यांचे खेटे घालतात. प्रेक्षक हसतो, आणि हसता हसता त्याच्या लक्षात येते की घरातील वडीलधारी माणसे केव्हाची गप्प झाली आहेत. टोरोंटोच्या महोत्सवात, जिथे सतरा वर्षांपूर्वी 'द फॉल'ला गिऱ्हाईक मिळाले नव्हते, तिथेच या चित्रपटाला प्लॅटफॉर्म पुरस्कार मिळाला.