अर्ज आणि ठराव

आमच्या चौसाळ्याकडच्या बोलण्यात 'अर्ज' हा शब्द जितक्या वेळा येतो, तितका 'ठराव' येत नाही. विहिरीचा अर्ज, विजेच्या जोडणीचा अर्ज, पीकविम्याचा अर्ज. ठराव असतो तो ग्रामसभेच्या वहीत, आणि ती वही ग्रामसेवकाच्या पिशवीत. तसे पाहिले तर दोन्ही कागदच. पण अर्ज खालून वर जातो आणि 'मंजूर'ची वाट पाहत बसतो; ठराव, तो खरा असेल तर, वरच्यालाही बांधून टाकतो. राजाच्या राज्यातले कायदेमंडळ खरे की नुसते शोभेचे, हे ओळखायला मला या दोन कागदांतला फरक पुरेसा वाटतो.

चौसाळा 1948 च्या सप्टेंबरपर्यंत निजामाच्या राज्यात होते. त्या राज्यात कायदेमंडळ नव्हतेच, अशी पुष्कळांची समजूत असते; पण ते होते. सहावे निजाम मीर महबूब अली खान यांच्याच काळात, एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात, कायदे करण्यासाठी एक कौन्सिल निघाले. त्यात भरणा सरकारी अंमलदारांचा. तिथे चर्चा होत, मसुदे तयार होत, आणि मग ते सारे हुजुरांच्या मर्जीची वाट पाहत. म्हणजे कौन्सिल हाही एक अर्जच होता. फक्त तो चांगल्या कागदावर आणि चांगल्या उर्दूत लिहिलेला.

पुढे वारे फिरले. 1937 साली परतूरला गोविंदराव नानलांच्या अध्यक्षतेखाली महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन भरले. त्याच वर्षी निजाम सरकारने अरवमुदु अय्यंगार यांची सुधारणा समिती नेमली, आणि 1939 साली सुधारणा जाहीर झाल्या. 85 सभासदांचे कायदेमंडळ, त्यांत निवडलेले 42. तेही गावागणिक नव्हे, तर धंद्यागणिक निवडायचे: शेतकऱ्यांचे इतके, वकिलांचे इतके, व्यापाऱ्यांचे इतके. बहुमताला एक कमी! हिशेब मोठा सुबक होता. सभागृहाने प्रश्न विचारावेत, पण मंत्र्याला घरी पाठवू नये, अशी त्याची रचना. स्वामी रामानंद तीर्थांच्या स्टेट काँग्रेसला ते पटणे शक्यच नव्हते. आणि 1946 साली त्या धर्तीवर निवडणुका निघाल्या तेव्हा तिने त्यांवर बहिष्कार घातला. भुकेल्याने अर्धी भाकरी घ्यावी, हे शहाणपण मलाही ठाऊक आहे. पण ही भाकरी नव्हती. भाकरीसाठी करायच्या अर्जाचा सुधारलेला नमुना होता.

गंमत अशी की, ज्या 1939 साली हैदराबादेत हा हिशेब मांडला जात होता, त्याच साली साताऱ्याकडे औंधच्या छोट्याशा संस्थानात उलटे घडत होते. राजे भवानराव पंतप्रतिनिधींनी आपली सत्ता आपणहून प्रजेच्या हाती दिली. राजपुत्र अप्पासाहेब पंत आणि पोलंडहून आलेले मॉरिस फ्रीडमन यांनी खटपट केली, गांधीजींनी सल्ला दिला, आणि गावच्या निवडलेल्या पंचायतीपासून वर चढत जाणारी राज्यघटना झाली. 72 गावांचे ते राज्य! मोठ्या संस्थानिकांना कदाचित हसू आले असेल. पण तिथल्या खेडुताचा ठराव हा ठराव होता.

हैदराबाद आणि औंध ही दोन टोके झाली. या दोहोंच्या मध्ये काय असते, हे पाहायचे तर आज उत्तर आफ्रिकेतल्या मोरोक्कोकडे पाहावे. दरवर्षी ऑक्टोबरच्या दुसऱ्या शुक्रवारी, आपल्याकडे दिवाळीचे वेध लागलेले असतात त्या सुमारास, तिथला राजा संसदेचे अधिवेशन उघडतो. 1962 साली तिथे पहिली राज्यघटना झाली; 1965 साली राजे दुसरे हसन यांनी संसद गुंडाळून ठेवली, ती 1970 पर्यंत. 2011 साली लोक रस्त्यावर उतरले आणि नवी घटना आली. आता सर्वांत मोठ्या पक्षातूनच राजाने पंतप्रधान नेमायचा असतो. 395 जणांचे प्रतिनिधिगृह थेट मतांनी निवडले जाते. मात्र मंत्रिपरिषदेचे अध्यक्षपद राजाकडे, सैन्य राजाकडे, धर्माचे नेतृत्वही राजाकडे.

2016 च्या निवडणुकीनंतर पंतप्रधान बेनकिरान यांना पाच महिने सरकार जुळवता आले नाही. तेव्हा राजाने त्यांना बाजूला केले आणि त्यांच्याच पक्षातला दुसरा माणूस नेमला. घटनेचे अक्षर पाळले गेले. पण पक्षाचा माणूस कोणता, हे राजवाड्याने ठरवले. पुढे 2021 साली मतदारांनी त्या पक्षाला 125 जागांवरून 13 वर आणले. म्हणजे तिथल्या मतदाराचा नकार लटका नाही. तो पक्षाला घरी बसवू शकतो. राजवाड्याच्या दारापाशी मात्र त्याचा पुन्हा अर्ज होतो.

आणि तरी एका सहीचा अर्थ बदलू शकतो, हे आपल्या मराठवाड्याने पाहिले आहे. 26 जानेवारी 1950 पासून 1956 च्या ऑक्टोबरअखेरपर्यंत सातवे निजाम मीर उस्मान अली खान हैदराबाद राज्याचे राजप्रमुख होते. 1952 साली प्रौढ मतदानाने 175 जणांची विधानसभा निवडून आली. बुर्गुल रामकृष्णराव मुख्यमंत्री झाले. माणूस तोच, हात तोच, आणि काही वर्षांपूर्वी ज्या सहीने फर्माने निघत तीच सही. फरक एवढाच की आधी ती सही कायदा करी, आणि आता कायदा आधी होऊन मग सहीसाठी येई. राजाची गादी मोडावी लागली नाही. नुसता कागदांचा क्रम बदलला.

हा क्रम एकदा बदलला की कायमचा बदलला, असे मात्र मला म्हणवत नाही. आमच्या चौसाळ्याचे नाव एके काळी विधानसभेच्या मतदारसंघाच्या यादीत होते; 2008 च्या पुनर्रचनेत ते गेले. तेव्हा पारावर हळहळ झाली ती 'आता आपला शब्द कोण मांडणार' अशी नव्हती. 'आता अर्ज कुणाकडे न्यायचा' अशी होती! राजा जाऊन किती वर्षे लोटली, पण प्रतिनिधीच्या दारात उभे राहताना आमची मान अजून तशीच वाकते, आणि त्यालाही हळूहळू हुजूर झाल्यासारखे वाटू लागते. राजा असून संसद खरी असू शकते, हे औंधने दाखवले. राजा नसूनही ती पोकळ होऊ शकते, आणि त्यासाठी कुणाला फर्मान काढावे लागत नाही. ग्रामसभा ओस पडली, वही पिशवीतच राहिली, की तेवढे पुरते.