वाहाकातील एक भाकरी

मेक्सिकोतील वाहाका शहरात संध्याकाळी वाटाड्यासोबत रस्त्यावरील खाद्यपदार्थांची फेरी होती. ७९ वर्षांच्या आईला मी खोलीवरच थांबण्यास सुचवले. वडील गेल्यापासून तिचा आहार दोन घासांवर आला होता, त्यात परमुलूख. ती शांतपणे म्हणाली, "आज डॉक्टर म्हणून नको, मुलगा म्हणून ने."

एका कोपऱ्यावर कोमाल नावाच्या तव्यावर एक बाई मक्याची जाड भाकरी, मेमेला, थापत होती. वाटाड्याने सांगितले, मका चुन्याच्या पाण्यात शिजवून रात्रभर भिजत ठेवतात, मग दळतात. "म्हणजे चुन्याची निवळी!" आई उद्गारली. या संस्काराने मक्यातील नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळू शकते. मका युरोपात गेला, ही रीत मागे राहिली. मक्यावरच जगणाऱ्या गरिबांत पेलाग्रा पसरला. पाठ्यपुस्तकातला तो आजार मला त्या तव्यापाशी नव्याने उमगला.

कच्ची कोशिंबीर आणि बर्फ मी नाकारला. रक्तदाबासाठी खारट चीजही बाजूला काढले. तव्यावरून उतरलेली वाफाळती मेमेला मात्र आईपुढे ठेवली. घेवड्याच्या वाटणासह तिने ती बोलत बोलत संपवली, वर मक्याचे गरम आतोले प्यायली.

वृद्धांच्या नातेवाइकांना मी आजवर वर्ज्य पदार्थांची यादी देत आलो. आता त्याआधी एक प्रश्न विचारतो: ते जेवतात कोणासोबत?