पाताळगंगेस अनावृत पत्र

पाताळगंगे,

बाबांच्या अस्थी आळंदीला इंद्रायणीत सोडल्या. ते माळकरी, त्यांची तीच इच्छा होती. पाहुणे पांगले आणि मी कर्जतहून खोपोलीची लोकल धरली. उल्हास नदी दारात असताना तुझ्याकडे येण्याचं कारण बाबाच. डोंगरावरून उतरणारे ते जाड नळ दाखवून म्हणायचे, “हे माउलींच्या नदीचं पाणी.”

खरंच होतं ते. इंद्रायणीच्या उगमाकडचं पाणी लोणावळा-वळवणच्या धरणांत अडतं, नळांतून खोपोलीच्या वीजघरात कोसळतं, वीज करतं आणि तुझ्या पात्रात येतं. १९१५ पासून हे चालू आहे. भीमा-कृष्णेतून बंगालच्या उपसागराला जायचा तो पाऊस तुझ्या संगतीनं अरबी समुद्राला जातो. आळंदी त्या धरणांच्या खाली आहे, त्यामुळे बाबांच्या अस्थी तुझ्याकडे येणार नाहीत, हे मला कळतं. तरी मला तुझ्याच काठानं चालायचं होतं.

काठावर एक मावशी गोधडी आपटत होत्या. “बाय, एकटीच कुठं?”

“खारपाड्याला.”

“मग गाडी धर की!” म्हणाल्या, आणि ओल्या हातानंच पिशवीतली दोन केळी काढून दिली.

चौकच्या बाजूला इर्शाळगडाचा सुळका दिसला. १९ जुलै २०२३ च्या रात्री त्याच्या कुशीतल्या इर्शाळवाडीवर दरड कोसळली. २७ मृतदेह मिळाले. उरलेल्या ५७ जणांचा शोध चार दिवसांनी थांबवावा लागला. त्या ठाकर घरांना आपल्या माणसांचं शेवटचं तोंडही पाहता आलं नाही. मी बाबांच्या उशाशी होते, त्यांना पाणी पाजलं होतं. पुढे बराच वेळ बाबांचा विचार मनात आलाच नाही.

रसायनीपाशी कारखान्यांचा उग्र वास नाकात बसला. इतक्या लांबून, इतका डोंगर उतरून आलेल्या पाण्यात माणसं वाटेल ते कशी सोडतात? मला तुझी फार कीव आली, आणि संतापही. आपट्याच्या पुढे काठ सपाट झाला, हवा खारट झाली. खारपाड्याच्या पुलाखाली भरती लागली होती. धरमतर खाडीचं पाणी तुला मागे रेटत तिवरांत शिरत होतं. तिथे कठड्याला टेकून मी पोटभर रडले. कुणी हटकलं नाही.

आईचे गुडघे गेलेत, आळंदीची गर्दी तिला सोसवत नाही. वर्षश्राद्धानंतर तिला खोपोलीला तुझ्या काठी आणीन. नळ कुठले, पाणी कुठलं, हे तिला बाबांनी सांगितलं असेलच. तरी मी पुन्हा सांगेन.

तुझी,
कर्जतची एक लेक