रिकामी झालेली जागा

मार्चमध्ये आमच्या टीममधल्या एका सीनियरला कंपनीने काढलं. दुसऱ्या दिवशी त्याच्या खिडकीजवळच्या सीटवरून दोघं जण हसतहसत भांडत होते. त्यातला एक मी. सीट मलाच मिळाली.

त्याच आठवड्यात एर्मान्नो ओल्मीचा 'इल पोस्तो' (१९६१) पाहिला. पोस्तो म्हणजे जागा, आणि नोकरीसुद्धा. आपण 'जागा निघाली' म्हणतो ना, तसंच. मिलानजवळच्या गावातला दोमेनिको एका मोठ्या कंपनीत परीक्षा द्यायला येतो. आधी गणित, मग उठाबशा, मग विचित्र प्रश्न. (आमच्या कॅम्पस इंटरव्ह्यूत उठाबशा तेवढ्या नव्हत्या.) आधी त्याला शिपायाचं काम मिळतं. मग एक क्लार्क मरतो. त्याचं पुढचं टेबल या पोराला दिल्यावर जुने लोक चिडतात. सगळे एकेक टेबल पुढे सरकतात आणि दोमेनिको शेवटच्या रांगेत जातो. मेलेला माणूस रात्री गुपचूप कादंबरी लिहायचा. त्याच्या सामानात तिची पानं सापडतात.

इथे मी सिनेमा थांबवला. माझ्या फोनच्या नोट्समध्येही अकरा अर्धवट कथा आहेत.

ओल्मीला हे ऑफिस आतून माहीत होतं. १९३१ मध्ये बेर्गामोत जन्मलेला हा माणूस तरुणपणीच मिलानच्या एडिसोनव्होल्ता या वीज कंपनीत नोकरीला लागला. आईही तिथेच कामाला होती. सिनेमाचं रीतसर शिक्षण नाही. कंपनीच्याच पैशांवर त्याने धरणं, कामगार, विजेच्या तारा यांच्यावर डझनावारी माहितीपट केले. १९५९ चा पहिला मोठा सिनेमाही बर्फात अडकलेल्या धरणाच्या दोन राखणदारांचा.

'नोकरी सोडा, स्वप्न जगा' छापाची रील्स बघून वैतागलेल्या मला हे फार आवडलं. पण ओल्मीला सोयीचा संत करण्यातही अर्थ नाही. पगार घेता घेता तो टेबलांमागच्या माणसांचे चेहरे बघत राहिला, आणि ते मला जमलेलं नाही. पुढे 'द ट्री ऑफ वुडन क्लॉग्ज'मध्ये त्याने बेर्गामोच्या खऱ्या शेतकऱ्यांना त्यांच्याच बोलीत बोलू दिलं. लेखन, दिग्दर्शन, कॅमेरा, संकलन सगळं स्वतःचं. मुलाला शाळेत जाता यावं म्हणून बाप जमीनदाराचं झाड तोडून त्याच्यासाठी लाकडी पादत्राण बनवतो, आणि त्यापायी अख्खं घर बेघर होतं. १९७८ मध्ये कान महोत्सवात त्याला पाल्म दोर मिळालं. २०१८ मध्ये ओल्मी गेला.

माझ्या नव्या सीटच्या ड्रॉवरमध्ये मागे एक कंगवा, डोकेदुखीच्या गोळ्या आणि त्याच्या मुलीने काढलेलं हत्तीचं चित्र सापडलं. पाकिटात घालून ठेवलंय. चार महिने झाले, त्याला अजून फोन केलेला नाही.