झाकली मूठ, पावणेपाच लाख डॉलरची

प्रिय 'लंडन आफ्टर मिडनाइट',

दिग्दर्शक टॉड ब्राउनिंगनं 1927 साली तुला पडद्यावर घडवलं आणि अभिनेता लॉन चेनीनं चेहरा दिला. उंच हॅट, वटारलेले डोळे, करवतीसारखे दात. 1965 मध्ये एमजीएम स्टुडिओच्या गोदामाला आग लागली आणि तुझी शेवटची ज्ञात प्रत गेली. नायट्रेटची फिल्म ती, एकदा पेटली की पाण्यालाही जुमानत नाही.

मेल्यावर तुझा भाव वधारला. 2014 मध्ये तुझं एक पोस्टर 4 लाख 78 हजार डॉलरला विकलं गेलं. आमच्याकडची झाकली मूठ सव्वा लाखावरच थांबते.

इंटरनेटवर तुझी सगळ्यात आवडती गोष्ट खुनाची. 1928 मध्ये लंडनच्या हाइड पार्कमध्ये एका तरुण मोलकरणीचा गळा चिरला गेला. चेनीचा तो चेहरा डोळ्यांपुढे आला, असं आरोपी म्हणाला. न्यायालयानं ही सबब मानली नाही, इंटरनेटनं मानली. 'माणसाला वेड लावणारा सिनेमा' म्हणून तुझी आरती सुरू झाली आणि ती बिचारी तुझ्या दंतकथेतला दागिना झाली. मला तुझ्या दातांपेक्षा याचीच जास्त किळस येते.

तसं तुझ्यात दडलेलं काय आहे? पटकथा आहे, शेकडो छायाचित्रं आहेत. 2002 मध्ये ती जोडून पाऊण तासाचा सांगाडाही उभा केला गेला. शेवटी कळतं, की तो उंच हॅटवाला रक्तपिपासू म्हणजे वेषांतर केलेला गुप्तहेर! ब्राउनिंगनं 1935 मध्ये हीच गोष्ट 'मार्क ऑफ द व्हँपायर' म्हणून पुन्हा केली. ती आजही बघता येते, पण तिच्यासाठी कुणी रात्र जागवत नाही.

हरवलेला सिनेमा म्हटलं, की मला बाबूराव पेंटरांचा 'सैरंध्री' (1920) आठवतो. त्यातला कीचकवध इतका खरा वाटला, की प्रेक्षक हादरले आणि सेन्सॉरनं कात्री लावली. निषिद्धही, हरवलेलाही. तरी त्याची प्रत कुण्या तळघरात असल्याची वावडी मी अजून ऐकलेली नाही.

तुझ्याबद्दल मात्र ऐकलीय: एका संग्राहकाकडे प्रत आहे, फक्त कॉपीराइट संपायची वाट पाहतोय. अमेरिकेतला तुझा कॉपीराइट 1 जानेवारी 2023 ला संपला. पेटी काही कुणी उघडली नाही.

तुझा,
न पाहिलेला प्रेक्षक