माया लोक कुठेही गेलेले नाहीत

डिसेंबर 2012 मध्ये आमच्या शाळेतली पाचवी-सहावीची मुलं भलतीच घाबरली होती. 21 तारखेला जग बुडणार, असं टीव्हीवर कुणीतरी सांगितलं होतं आणि तसं माया लोकांच्या कॅलेंडरात लिहिलंय अशी पुस्तीही जोडली होती. कयामतचं इल्म फक्त अल्लाहकडे आहे, हे सांगून मी मुलांना शांत केलं. मग एका मुलीने विचारलं, "मॅडम, ते माया लोक आता कुठे आहेत?" उत्तर देण्याआधीच बाकावरून दुसरी म्हणाली, "ते संपले."

"संपले" हा शब्द आपण किती सहज वापरतो, हे मला मेक्सिकोत गेल्यावर उमगलं.

माझे मोठे भाऊ ह्यूस्टनला असतात. मागच्या मे महिन्यात सुट्टीत त्यांच्याकडे गेले, तेव्हा सगळ्यांनी मिळून चार दिवस कॅन्कूनला जायचं ठरलं. ह्यूस्टनहून विमानाने दोन तासांचा रस्ता. समुद्र आणि हॉटेल यात मला फारसा रस नव्हता, कोकणातल्या माणसाला समुद्राचं काय अप्रूप? मला चिचेन इत्झा बघायचं होतं. भाईंनी एका दिवसाची बस-सहल ठरवली. सकाळी अवशेष, दुपारी एका नैसर्गिक विहिरीत पोहणं, संध्याकाळी वायादोलिद नावाचं जुनं शहर, आणि रात्री परत. एका बाजूचं अंतर सुमारे दोनशे किलोमीटर. भाभी, त्यांचा मुलगा आणि चौदा वर्षांची मुलगी बरोबर होती.

आमचा गाईड पन्नाशीचा, बुटका, रुंद चेहऱ्याचा, सावळा माणूस. बस सुटल्यावर त्याने माईक घेतला आणि पहिलंच वाक्य इंग्रजीत म्हणाला, "माया लोक गूढरीत्या गायब झाले असं तुम्ही ऐकलं असेल. मी माया आहे. आज सकाळी नाश्ता करून आलोय." बस हसली. तो हसला नाही.

वाटेत एक गंमत झाली. राज्याची हद्द ओलांडताच सगळ्यांच्या मोबाईलमधलं घड्याळ एक तास मागे गेलं. कॅन्कून ज्या राज्यात आहे त्याची वेळ वेगळी, युकातान राज्याची वेगळी. कॅन्कूनला जोहरचा वक्त एकच्या सुमारास होत होता, इथे तो बाराच्या आसपास आला. भाभी म्हणाल्या, "सूरज तर वहीच है, घड्याळंच भांडतात."

चिचेन इत्झा या नावाचा अर्थ आहे 'इत्झांच्या विहिरीच्या तोंडाशी'. नावातच विहीर. युकातानच्या उत्तर भागात जमिनीवर नदी वाहत नाही. खाली सगळा चुनखडीचा दगड. पाऊस पडतो तो दगडात झिरपतो आणि पाताळात वाहतो. जिथे गुहेचं छत कोसळलं तिथे पाणी उघडं पडलं. त्या जागेला माया भाषेत 'ज़ोनोत' म्हणतात. स्पॅनिश लोकांच्या तोंडी त्याचं 'सेनोते' झालं. अशा विहिरी त्या प्रदेशात हजारोंनी आहेत आणि जुनी शहरं त्यांच्याच आधाराने वसली. हे ऐकताना मला आमचं गाव आठवत होतं. चार महिने धो धो पाऊस, आणि एप्रिल-मेमध्ये बायका हंडे घेऊन टँकरची वाट बघतात. पाणी जमिनीत कुठे जातं हे ओळखून गाव वसवणाऱ्यांना मागासलेलं म्हणायची हिंमत मला तरी होणार नाही.

कुकुलकानचा पिरॅमिड फोटोत पाहिला होता तसाच आहे, पण फोटोत हिशेब दिसत नाही. चार बाजूंना प्रत्येकी 91 पायऱ्या म्हणजे 364, वरच्या चौथऱ्याची एक, झाले 365. आता वर चढायला बंदी आहे, आणि ती योग्यच वाटली. गाईडने जमिनीवर बसून काडीने त्यांचे अंक काढून दाखवले. एक टिंब म्हणजे एक, एक आडवी रेघ म्हणजे पाच, आणि शिंपल्यासारखी खूण म्हणजे शून्य. बस, तीनच चिन्हं. आपल्याकडे दहा-दहाने मोजतात, ते वीस-वीसने. आपल्याकडून शून्य अरबांकडे गेलं, तिथे ते 'सिफर' झालं आणि मग युरोपात पोहोचलं, हे मी वर्गात शिकवते. या लोकांना मात्र ते कुणीही दिलेलं नव्हतं. समुद्रापलीकडे कुणाला ठाऊक नसताना त्यांनी ते स्वतः शोधलं. माझ्या भाच्याने पाच मिनिटांत आपला मोबाईल नंबर टिंब-रेघांत लिहून काढला. शाळेत परतल्यावर सातवीच्या वर्गात मी हे करवून घेतलं. एवढ्या उत्साहाने त्यांनी गणित क्वचितच केलं असेल.

पिरॅमिडपासून एक पांढरा दगडी रस्ता पवित्र सेनोतेकडे जातो. दोन्ही बाजूंना लाकडी मुखवटे, कपडे आणि शिट्ट्या विकणारे बसलेले. शिट्टी फुंकली की जग्वारची डरकाळी येते. रस्त्याच्या शेवटी साठेक मीटर रुंदीचा गोल खड्डा, उभे कडे, तळाशी हिरवं पाणी. इथे पावसाच्या देवासाठी माणसं टाकली जात. शेजारच्या गटाचा गाईड सुंदर कुमारिकांची कहाणी रंगवून सांगत होता. आमच्या गाईडने मान हलवली. "हाडं सापडली ती पुरुषांची, बायकांची, लहान मुलांची. कुमारिकांची गोष्ट पर्यटकांना आवडते."

मग त्याने 2024 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनाची माहिती दिली. या विहिरीजवळच्या एका भूमिगत टाक्यात 1967 साली शंभराहून अधिक मुलांचे अवशेष सापडले होते. त्यातल्या 64 जणांचा डीएनए तपासला, तर सगळे मुलगे निघाले. बरेचसे तीन ते सहा वर्षांचे. त्यात सख्खे भाऊ होते, दोन जुळ्या जोड्याही होत्या. तो हे सांगत असताना माझी भाची माझ्याजवळ सरकली आणि हळूच म्हणाली, "फुफू, त्यांच्यासाठी दुंबा नाही आला?"

बकरी ईद आठ-दहा दिवसांवर आली होती. हज़रत इब्राहीम अलैहिस्सलाम आणि हज़रत इस्माईल यांचा किस्सा तिने लहानपणापासून ऐकलेला. मी तिचा हात धरला. आपल्या धर्मात त्या सुरीखाली लेकरू राहिलं नाही, याचा अर्थ त्या कड्यावर उभं राहिल्यावर जेवढा कळला तेवढा कुठल्याही वाझमध्ये कळला नव्हता. पण ती मुलं कुणाची तरी होती. आणि गाईडचं पुढचं वाक्य मला जास्त लागलं. त्याच डीएनएची तुलना आज जवळच्या तिश्काकालतुयुब नावाच्या गावात राहणाऱ्या लोकांशी केली, तेव्हा नातं जुळलं. एक हजार वर्षांपूर्वीची ती मुलं आणि आजचे गावकरी एकाच वंशाचे. "आमचेच आहेत ते," तो म्हणाला. ना लाज, ना बढाई. घरातल्या जुन्या दुखण्याबद्दल बोलावं तसं.

जमिनीवर फिरा आणि आधीच्या कौमांचं काय झालं ते बघा, असं कुरआन आपल्याला पुन्हा पुन्हा सांगतो. इबरत घ्यायला सांगतो. पण इबरत आणि तमाशा यात फरक आहे, आणि समोर त्या कौमचा वारस उभा असेल तर अदबही लागते.

जेवणाबद्दल घरच्यांसाठी थोडं लिहिते. युकातानचा प्रसिद्ध पदार्थ कोचिनिता हा डुकराचा असतो. वाटाण्या-घेवड्याच्या उसळीसारखे दिसणारे काळे बीन्स पुष्कळदा डुकराच्या चरबीत परततात, त्यामुळे शाकाहारी दिसतं म्हणून घेऊ नका, विचारा. आम्ही पापाद्झुलेस मागवले. मक्याच्या रोटीत उकडलेलं अंडं, वरून भोपळ्याच्या बियांची चटणी. मका चुन्याच्या निवळीत उकडून वाटतात आणि बायका हातावर रोटी थापतात. भाभींनी त्या बाईच्या हाताकडे बघून "बिस्मिल्लाह" म्हटलं आणि चार खाल्ल्या.

आम्ही शाफई, सफरमध्ये जोहर-असर जमा करून पढलो. उपाहारगृहामागे झाडाखाली चादर अंथरली. कोकणात किबला मावळतीला. मक्का आणि चिचेन इत्झा जवळजवळ एकाच अक्षांशावर आहेत, म्हणून भाच्याला वाटलं तोंड सरळ पूर्वेला करायचं. होकायंत्राने दाखवलं ईशान्य. पृथ्वी गोल आहे म्हणून सर्वांत जवळची वाट उत्तरेकडून वळून जाते. एरवी हा धडा शिकवायला मला फुगा आणि दोरा लागतो. गाईड थोडा लांब उभा राहून लोकांना दुसऱ्या वाटेने पाठवत राहिला. कुणी सांगितलं नव्हतं.

इक किल नावाची पोहायची विहीर तिथून तीनच किलोमीटर. दगडात कोरलेला जिना उतरत जायचं, पाणी जमिनीपासून पंचवीस मीटर खाली. वरून झाडांची मुळं पाण्यापर्यंत लोंबतात, बारीक धारा पडतात, आणि वर गोल आकाश. पाण्यात जाण्याआधी सगळ्यांनी अंघोळ करायची, अंगाला क्रीम चालत नाही, कारण जमिनीखालचं पाणी एकमेकांना जोडलेलं आहे. त्या भागातली एक पाण्याखालची गुहा साडेतीनशे किलोमीटरहून लांब मोजली गेली आहे. एका विहिरीत घाण टाकली की ती कुणाच्या घोटात जाईल सांगता येत नाही. भाची आणि भाभी अंगभर पोहण्याच्या कपड्यांत, डोक्याला स्कार्फ, वरून सगळ्यांना सक्तीचं लाईफ जॅकेट. ह्यूस्टनच्या तलावावर जे रोखून बघणं सोसावं लागतं ते इथे नव्हतं. निम्मी मेक्सिकन कुटुंबं टी-शर्ट घालूनच पाण्यात होती. मी जिन्याच्या खालच्या पायरीवर बसून पाय बुडवले. गार पाणी. काळे मासे घोट्यांभोवती फिरत होते. या विषयावर याहून जास्त लिहिण्यासारखं काही नाही, ते सुख लिहिण्याचं नव्हेच.

वायादोलिदमध्ये सोळाव्या शतकातला फ्रान्सिस्कन पाद्र्यांचा मठ आहे. त्याच्या आवारात सेनोतेवरच बांधलेला रहाट. गाईड म्हणाला, "याला नोरिया म्हणतात." मी दचकले. नोरिया म्हणजे अरबीतलं 'नाऊरा'. अंदलूसच्या मुसलमानांनी स्पेनला पाणी उपसायला शिकवलं, तो शब्द स्पॅनिश पाद्र्यांबरोबर इथल्या विहिरीवर येऊन बसला. सकाळपासून गाईड दर दहा मिनिटांनी 'ओखाला' म्हणत होता. ओखाला पाऊस न येवो, ओखाला गर्दी नसो. तोही शब्द अरबी, अल्लाहने चाहलं तर. मी सांगितल्यावर त्याने भुवया उंचावल्या.

पण त्याच जहाजांतून दुसरी गोष्टही आली. 1492 मध्ये ग्रॅनाडा पडलं. त्यानंतर सात-आठ वर्षांत कार्डिनल सिस्नेरोसच्या हुकमावरून तिथल्या चौकात अरबी किताबांची होळी झाली. सिस्नेरोस फ्रान्सिस्कन होता. त्याच पंथाच्या दिएगो दे लांदाने जुलै 1562 मध्ये युकातानमधल्या मानी गावात माया लोकांची पुस्तकं जाळली. झाडाच्या सालीच्या कागदावर लिहिलेली, घडीची पुस्तकं. आज जगात फक्त चार उरली आहेत. आणि त्याच लांदाने नंतर माया लोकांबद्दल जे लिहून ठेवलं, त्यातल्या अक्षरांच्या नोंदीवरून युरी क्नोरोझोव या रशियन अभ्यासकाने 1952 मध्ये ती लिपी वाचण्याची वाट शोधली. जाळणाऱ्याच्या हातूनच चावी राहिली. अल्लाहची हिकमत, दुसरं काय म्हणणार!

पुस्तकं गेली, तरी माणसं होती. माया लोकांचं शेवटचं स्वतंत्र राज्य 1697 मध्ये पडलं. तेव्हा आपल्याकडे औरंगजेब दख्खनमध्ये तळ देऊन होता. म्हणजे फार जुनी गोष्ट नाही. युकातानची माया भाषा आज मेक्सिकोत पावणेआठ लाख लोक बोलतात.

"तुमची मुलं बोलतात?" मी विचारलं.

तो म्हणाला, त्याच्या आईला शाळेत माया बोलल्याबद्दल मार मिळायचा. तिने ठरवलं, मुलांना स्पॅनिशच शिकवायची. तो आजीकडे वाढला म्हणून त्याला येते. त्याच्या मुलांना समजते. नातवंडांना तीही नाही.

माझ्या डोळ्यांसमोर आमच्या गावची घरं आली. घरात कोकणी, मदरशात आणि शाळेत उर्दू, बाजारात मराठी. आता आयाच लेकरांना दटावतात, पाहुण्यांसमोर कोकणी नको, उर्दूत बोल, नाहीतर इंग्रजीत. मी स्वतः उर्दू-मराठी शिकवते, दोन्ही माझ्या प्राणाच्या. पण आजीची बोली गावंढळ आणि शाळेची शरीफ, ही वाटणी कुणी केली? माझी भाची दादीशी व्हिडिओ कॉलवर इंग्रजीत बोलते, आणि दादी हसून मान डोलवते. भाई हे सगळं ऐकत होते. काही बोलले नाहीत.

परतीच्या बसमध्ये गाईडने मुलांना दोन वाक्यं शिकवली. 'बिश आ बेल' म्हणजे कसे आहात, पण शब्दशः अर्थ, तुझा रस्ता कसा आहे. आणि धन्यवाद म्हणायचं तर 'दिओस बोओतिक', म्हणजे देव याची परतफेड करो.

"आमच्याकडेही हेच म्हणतात," भाई म्हणाले. "जज़ाकल्लाह."

गाईडने ते तीनदा म्हणून पाहिलं. मग खिशातून लहानशी वही काढली, भाईंना पुन्हा सावकाश म्हणायला लावलं आणि स्पॅनिश अक्षरांत लिहून घेतलं.